खोक्यातून आलेला सिंह

चि. केल्दिबेक यास थोरल्या दादाचे अनेक आशीर्वाद.

आमच्याकडे माणसं, मेंढ्या, घोडे सगळे खुशाल. तुझ्याकडे मेंढ्या नाहीत, तेव्हा तुझी मोटार खुशाल असेल असं धरून चालतो.

हिवाळ्यात नातवाच्या जन्मानंतरच्या चाळिसाव्या दिवसाला तू येणार म्हणून जेवण खोळंबवून ठेवलं. तू आला नाहीस, ट्रकवाल्याबरोबर खोकं आलं. (आई गेली तेव्हा तिच्या चाळिसाव्याला खोकंही नव्हतं. असो.) खोक्यात कुत्र्याचं पिल्लू, चिठ्ठीत नाव अर्स्तान, म्हणजे सिंह. बाळाच्या पहिल्या सदऱ्यात मिठाई बांधून तो कुत्र्याच्या गळ्यात अडकवायचा आणि पोरांनी पाठलाग करून सोडवायचा, ही आपली रीत. मी म्हातारा मूर्ख, हौसेनं याच्याच गळ्यात अडकवला. पंधरा पोरं किंचाळत मागे लागली. तुझा सिंह जो पेटीमागे शिरला, तो दोन दिवस बाहेर आला नाही. तेव्हापासून किटलीचं झाकण वाजलं तरी मुतायचा.

सून म्हणाली, "आबा, याला पडद्याआड बसवा, नवी नवरीच आहे ही!" मायराम्बेक मात्र हसला नाही. "लांडग्यापुढून हा पळाला तर कळप गेलाच म्हणायचा. कुरणावर निघेपर्यंत धीट झाला तर ठीक, नाहीतर गोळी घालीन." (लहानपणी हाच माझा मुलगा घोड्याला घाबरायचा, तेव्हा मी चाबूक दाखवायचो. आता त्याला सांगायला मला तोंड कुठंय?)

म्हणून या वेळी चाबूक नाही. झाकण आधी लांबून वाजवलं, मग जवळून, आणि दर वेळी चरबीचा तुकडा. पोरांना गप्प बसवून त्यांच्या हातून कणकेचे तळलेले बोरसोक चारले. घोड्याजवळ तो आपणहून जाईपर्यंत मी उभा राहायचो. गुडघे गेले, पण राहायचो. आता शेपूट वर असते. परवा तर त्यानं मेंढा हुसकावला, आणि स्वतःच दचकून माझ्याकडे बघितलं.

सुखात राहा.
तुझा दादा,
शार्शेनबेक

ता. क. एक राहिलंय. अनोळखी माणूस दिसला की तो अजून माझ्या पायांत शिरतो. ती भीती घालवायला अनोळखी माणूसच लागतो, आणि निम्मं गाव परदेशी कामाला गेल्यावर इथं येतंय कोण? सोमवारी कळप निघणार. तू शनिवारी ये. तुझ्याइतका परका आमच्या ओळखीत दुसरा नाही.

ता. क. आणखी एक. खिशात मांस ठेव, दारातच उकिडवा बस, डोक्यावर हात ठेवायला जाऊ नकोस. भुंकला तर राग मानू नकोस. इतकी वर्षं होतास कुठं, हे तुला या घरात मोठ्यानं विचारणारा तो पहिलाच असेल.