मेणानं बंद केलेलं रीळ

वेंगुर्ले, ७ जानेवारी २०२४

चि. आकांक्षास अनेक उत्तम आशीर्वाद.

फोनवर मला काही ऐकू येत नाही आणि तू ओरडलीस की घरातली मांजरं पळतात, म्हणून लिहिते. माझ्या हितेंद्रबरोबर फिल्मचा एक डबा पाठवलाय. लालबागच्या मैदानावर यांनी कबड्डीची फायनल मारली, ती गिरणीतल्या आग्नेलोनं कॅमेऱ्यात धरली होती. तेव्हा आमच्या चाळीतल्या बायका मैदानावर जात नसत गो. मी चहाचं आधण ठेवून नुसता आरडाओरडा ऐकला. हे गेले, पण यांना खेळताना मी एकदाही पाहिलं नाही. तू जुन्या फिल्म नीट करतेस, तर एवढं दाखव मला. डब्याला हवा लागू दिली नाही, दर दिवाळीला झाकणाभोवती मेण ओतत आले. हितेंद्रच्या बारशाचे दोन डबेही तसेच जपलेत.

नुसत्या वडापाववर राहू नकोस.

तुझी,
मीराआत्या

परळ, ३० जानेवारी २०२४

तीर्थस्वरूप मीराआत्यास,
शि. सा. न. वि. वि.

सांगू की नको करत दोनदा कागद फाडला. डबा उघडला आणि लॅबभर आंबूस वास सुटला. आतलं रीळ चिकटून गुळाच्या ढेपेसारखं झालंय. सोडवायला गेलं की चित्रच सोलून येतं. सगळे उपाय केले. वरचा थोडा भाग तेवढा सुटला. त्यात गुणाजीकाका पाठमोरे आहेत. वाकून माती कपाळाला लावतात, मांडीवर थाप मारून चढाईला निघतात आणि मधल्या रेषेशी संपतं. चेहरा नाही.

आत्या, मी खोटं लिहिलं असतं, पण ते दोन डबे अजून बंद आहेत. जुनी फिल्म आंबते, तिची वाफ बाहेर जावी लागते. मेणामुळे ती आतच कोंडली आणि तिनं फिल्म खाल्ली. तुझ्या जागी कुणीही हेच केलं असतं. तरी आजच झाकणं उघड. मला फार वाईट वाटतंय आणि माझ्या हातात काही नाही.

गिरणगावच्या कबड्डीवर एक माहितीपट निघतोय. आमच्या लॅबच्या प्रमुख संघमित्राबाई तेवढा तुकडा त्यात घेऊ म्हणतात. तुझी परवानगी हवी. तुला मोबाइलवर आधी पाठवते.

हवं तर रागाव, पण माया कमी करू नकोस.

तुझी,
आकांक्षा

वेंगुर्ले, ९ फेब्रुवारी २०२४

चि. आकांक्षास आशीर्वाद.

हितेंद्रनं सुरीनं झाकणं उघडली. एकाला तोच वास. दुसऱ्याचं कळत नाही, माझं नाकही आता पहिल्यासारखं राहिलं नाही. दोन्ही तुझ्याकडे पाठवते. लोणच्याच्या बरणीला जपते तसंच जपलं गो. दुसरी रीत मला कुणी शिकवलीच नाही. तुझं पत्र आल्यापासून जेवण जात नाही. सून म्हणते, जाऊ द्या. कुठे जाऊ देऊ?

तुझ्यावर राग नाही. बाईंना सांग, तुकडा घ्या. मुंबईची माणसं तरी बघतील. खाली यांचं नाव नीट घाला, नुसतं गिरणी कामगार लिहून भागवू नका.

मला मात्र पाठवू नकोस. हे रेषेपर्यंत गेलेले एकदा दिसले, की पुढे काय करतात ते बघायला मी बसून राहीन. आणि तू लिहितेस, पुढे काही नाही.

तुझ्या आईला आठवण सांग. तब्येत सांभाळ, आणि मला विसरू नकोस.

तुझी,
मीराआत्या