भिंतीपलीकडचा ठेका

२४ नोव्हेंबर ९६, रवि.
आज पोरांचा कार्यक्रम पडला. अठवालाइन्सकडच्या एका कॉलेजात संमेलन होतं. मखमली पडदा, माणसं खुर्च्यांवर गप्प बसलेली. ‘धोटा’ बँडचा आमच्या नवागाम वस्तीबाहेरचा पहिला कार्यक्रम; नाव लूममध्ये धागा घेऊन ये-जा करणाऱ्या धोट्यावरून. नातू किरण गिटार घेऊन गायला, त्याचा मित्र भाविन बेसवर, मागे ड्रमवर शेजारची मंगला. पहिलं कडवं ठीक. दुसऱ्यात मंगलाचा ठेका पळाला, मग रेंगाळला, मग ती एकीकडे नि किरण एकीकडे. शिट्ट्या सुरू. मला ऐकू किती येतं म्हणा! तीस वर्षं लूमवर जॉबर होतो, माग बसवायचो नि दुरुस्त करायचो, उजवा कान तिथेच ठेवून आलो, डावा अर्धा. पण खात्यातल्या, म्हणजे लूमच्या कारखान्यातल्या, माणसांना ओठ वाचता येतात. आज लोकांचे वाचले. नसते वाचले तर बरं.

गाणं माझ्या शब्दांचं. ७१ सालच्या वहीतून किरणने शोधून काढलेलं:

जा रे धोट्या, ये रे धोट्या,
धागा ओढत पाठी;
वरती गाव नि खाली बिऱ्हाड
एकच तापीकाठी.

वरती म्हणजे खान्देशातलं गाव, खाली इथलं बिऱ्हाड. लूमपुढे उभा राहून मोठ्याने म्हणायचो. त्या खडखडाटात शेजारच्यालाही ऐकू जायचं नाही, म्हणून लाज नव्हती. पाचवीतल्या कविता, सहावीतल्या कविता, नि संपल्या की ही घरची. आज चारशे लोकांसमोर माइकवरून ऐकली. पडली तरी ऐकली. खोटं का लिहू, ऊर भरून आला.

२६ नोव्हें., मंगळ.
मंगला दोन दिवस तालमीला नाही. खात्यात धाग्याच्या कांड्या भरायला जाते, तिथून सरळ घरी. आज दारात गाठली. मान खाली. “आबा, माले नही जमाव आते. बडोद्याले दुसरा कोन्ही ली जा.”
बडोद्याची स्पर्धा २ फेब्रुवारीला. फॉर्म गेलेला. पहिला नंबर आला तर कॅसेट निघणार. म्हणजे ‘धोटा’ लिहिलेली कॅसेट दुकानात! किरण म्हणतो तिच्याशिवाय जायचं नाही. भाविनही तेच म्हणतो. मला दोघांचा अभिमान वाटला, पण त्याने ड्रम वाजत नाहीत.
सौ.: “जल्मभर लूमनी खटखट आयकी, आते ह्या पोरेस्नी आयका!” असं म्हणते नि तालमीला चहा तीच करते.

२९ नोव्हें., शुक्र.
आज सापडलं! नीट लिहून ठेवतो.
शुक्रवार, आमच्या भागात वीज बंद, खातं बंद. मंगलाला सुट्टी. मी म्हटलं, पोरी, एकदा फक्त माझ्यासाठी वाजव. आली बिचारी. आमच्या तालमीच्या पत्र्याच्या खोलीत ती, ड्रम नि मी. वीज नाही, म्हणून गिटारी नाहीत. आणि पाहतो तो तीच गत, कॉलेजातल्यासारखी. पळते, रेंगाळते. रडकुंडीला आली.
मी भिंतीला पाठ लावून बसलो होतो. पाठीला काहीतरी कमी वाटत होतं. भिंत थरथरत नव्हती! त्या भिंतीपलीकडे खातं. ही पोरं दोन वर्षं याच खोलीत वाजवतात. वीज असेल तेव्हाच वाजवतात, नि वीज असते तेव्हा लूम चालू असतात. गणपतीत वाजवलं तेही खात्याच्या दाराशी. लूमविना हे गाणं त्यांनी आजवर एकदाही वाजवलेलंच नाही! कुणालाच कळलं नाही. मलासुद्धा नाही. मी तर जॉबर.
म्हटलं, “मंगले, तू चुकली नाहीस. भिंत गप्प होती.”
तिला समजेना. मग तिच्यासमोर स्टुलावर बसलो नि मांडीवर थाप द्यायला लागलो, साध्या लूमची, बसवलेल्या, नीट चालणाऱ्या. माझ्या तळहाताकडे बघत तिने सुरू केलं. एक कडवं. दोन. तीन. शेवटापर्यंत!
सौ. कपबशा घेऊन दारातच उभी राहिली. “कान गया, पन हात शिल्लक शे,” म्हणाली. लग्नाला बेचाळीस वर्षं झाली. एवढं कौतुक पहिल्यांदा.

८ डिसें., रवि.
भाविनची युक्ती: लूमचा आवाज टेप करायचा, मंगलाच्या कानाला हेडफोन. आबांना कशाला त्रास. परवा शुक्रवारी, खातं बंद असताना, केलं. सेल उतरत गेले तशी फीत मंद झाली, नि मंगला प्रामाणिकपणे फितीमागे. गाणं भजनावर आलं. किरण अर्ध्यात आडवा पडून हसत होता. भाविनने हेडफोन माझ्यापुढे ठेवला, पाया पडला. “आबा, तमे ज मशीन छो!”
मशीन म्हणवून घ्यायला एवढा आनंद व्हावा! झाला खरा.

१४ जाने. ९७, मंगळ.
उत्तरायण. दुपारभर गच्चीवर. पतंग बघताना शाळेतले पाटील गुरुजी आठवले. कविता म्हणताना पाटीवर बोटांनी ताल धरायचे, नि जिथे श्वास घ्यायचा तिथे बोट वर. अख्खा वर्ग त्या बोटाकडे बघत असे. साठ वर्षं झाली, ते बोट अजून दिसतं. गुरुजींना वाटलं असेल का, हा पोरगा पुढे बोटाचं हे असं काही करेल…
सौ. उंधियू खायला बोलावते आहे.

१९ जाने., रवि.
कडोदऱ्याला वाजवलं. एका सोसायटीचा मेळावा, मोकळं मैदान, लूम कुठेच नाही. मुद्दाम असंच ठिकाण घेतलं. मी स्टेजच्या खाली, मधोमध, स्टुलावर. मंगलाची नजर माझ्या हातावर. मला गाणं असं फारसं आलंच नाही, पण पायाखालच्या जमिनीतून ड्रम येत होता. आणि ठेका सुटला नाही. एकदाही नाही!! लोक उभे राहिले. पुन्हा तेच गाणं मागितलं. ‘वरती गाव नि खाली बिऱ्हाड’ आलं तेव्हा स्टेजच्या कडेला उभी आपली खान्देशची माणसं ओरडली ती मला ओठांवरून कळली.
मेळाव्यातल्या एकाने किरणला विचारलं, हे काका कोण? किरण म्हणाला, “आमचे जॉबर.”
निवृत्त होऊन अकरा वर्षं झाली. आज परत कामावर लागलो.

२४ जाने., शुक्र.
शेठने खातं विकलं. जुने लूम भंगारात, जागेवर नवी यंत्रं येणार म्हणतात, धोट्याशिवाय चालणारी. सकाळपासून ट्रक भरत होते. सात नंबरचा लूम ओळखला, त्याच्या पट्ट्याला मीच लावलेला तांब्याचा तुकडा होता. मंगलाला नव्या खात्यात घेतील की नाही, ठाऊक नाही. ती उभी राहून बघत होती. मी पण.
भिंतीला हात लावला. थंड.

२७ जाने., सोम.
लिहू की नको. लिहितो.
हात हलला. आज तालमीत तिसऱ्या कडव्याला माझी थाप पुढे गेली. मंगला माझ्यामागे आली, किरण ओरडला. पुन्हा केलं, पुन्हा तेच. वय म्हणावं तर कडोदऱ्याला काय झालं होतं? आठच दिवस झाले. म्हणजे मीसुद्धा… अकरा वर्षं रोज याच भिंतीला टेकून चहा पितो. मला वाटत होतं लूम माझ्या अंगात आहे. तो शेजारी होता.
किरणला कळलं असावं. “आबा, थकलात, बसा,” म्हणाला. त्याने तसं म्हणायला नको होतं.

२९ जाने., बुध.
मंगला सकाळीच आली. नव्या खात्याचं अजून काही नक्की नाही, म्हणून मोकळी. म्हणाली, “आबा, खरं सांगू? कडोदऱ्याला मी तुमचा हात बघतच नव्हते.”
मग?
“तोंड. तुम्ही वाजवताना कविता म्हणता. आवाज नाही करत, पण ओठ हलतात.”
मला पत्ताच नाही! तीस वर्षांची खोड, कोण मोजतो. मंगलाही खात्यातली, तिला ओठ वाचता येतातच. म्हणते, परवा मीच माझ्या हाताकडे लक्ष दिलं, भीतीने तोंड मिटलं, म्हणून बिघडलं. “हात काय करस त्ये करू द्या. तुम्ही फक्त म्हना.”
म्हटली. हात मांडीखाली दाबून, पहिल्यापासून शेवटपर्यंत, गुरुजींसमोर म्हणायचो तशी, श्वासाच्या जागी थांबून. ती वाजवत राहिली. बरोबर आलं. एकदा बरोबर, एकदा थोडं डगमगलं. तिसऱ्यांदा बरोबर.
डगमगलं तेव्हा तिने सावरलं, मी नाही. ते मी पाहिलं.

१ फेब्रु., शनि.
मॅटाडोर दाराशी लागली. ड्रम चढले. गल्ली जमली आहे, कुणीतरी किरणला टिळा लावला, भाविनच्या आईने थेपले दिलेत, सगळ्या बँडला पुरून गल्लीला उरतील एवढे. मंगलाचे वडील (तेही लूमवालेच) गाडीच्या टपावर चढून दोर आवळताहेत, जणू तेच वाजवणार आहेत. पाठीमागे रंगाने लिहिलंय: धोटा, नवागाम. अक्षर वाकडं, पण दुरून वाचता येतं.
बडोद्याचं सभागृह म्हणे फार मोठं, प्रेक्षकांत अंधार करतात. अंधारात माझे ओठ तिला दिसतील का? किरणने बॅटरी घेतली आहे, माझ्या तोंडावर धरायला. सौ. धरणार. ती येते म्हणाली, आपणहून! “हात हलाडू नका, नुसतं म्हना, मी बसस शेजारे,” असं दटावलंय.
सकाळपासून कविता दहादा म्हटली. एकदाही अडलो नाही. भिंतीला मात्र आज टेकलो नाही, मुद्दाम.
हॉर्न वाजवताहेत. ही वही पिशवीत टाकतो. लिहितानाही ओठ हलताहेत. ठेक्यात हलताहेत की कसे, ते उद्या मंगलाच सांगेल.