चार सतराचा फोन

प्रिय सत्या,

न्हाई रे बाबा, तसं काय न्हाई, मी टाळून न्हाई राहिले. तीनदा इचारलंस, आप्पाला फोनवर काय बोलायचं व्हतं म्हनून, अन् तिन्ही डाव मी जेवलास का, अंघोळ केलीस का करून तुला दुसरीकडंच नेलं, हे खरं हाय. पन तू म्हनतोस, सोमवारी गानं रेकॉर्ड व्हनार, शेवटचं कडवं तेवढं राहिलंय, अन् ते अव्वालाच ठाव असंल. म्हनून ही चिठ्ठी. फोनवर सांगायला गेले की तू मधीच बोलतोस, अन् तू बोललास की माझं अवसान जातं. चिठ्ठीला मधी बोलता येत न्हाई, हे एक लई बेस हाय. पुनमच्या पोरीच्या वहीतली पानं फाडलीत. अक्षराला हसू नको. चौथी शिकलेल्या बाईला एवढं येतंय ते लई झालं. तीबी अर्धी चौथी मास्तरांच्या खुर्चीवर गोखरू ठेवन्यात गेली.

आधी एक चोरी कबूल करते. मागल्या महिन्यात नांदेडला तुझा कार्यक्रम झाला, तवा मी तिथं व्हते. शेजारनीला सांगितलं, डोळ्याचा नंबर काढायला चालले. पुनम सासरहून, उमरीहून आली, मायलेकी शेवटच्या रांगेत बसलो, अन् मी नव्या नवरीवानी पदर नाकापर्यंत ओढून घेतला. पुनम म्हनली, "अव्वा, इथं तुला कोन वळखतंय?" मी म्हनलं, गप, त्यो माझ्या खोकल्यावरनं वळखतो. सगळीकडं गुडघ्यावर फाटलेल्या पँटी. ह्या लेकरांच्या आया घरात सुई-दोरा ठेवत न्हाईत का रे? मग तू आलास. केसांचा आंबाडा बघून मला वाटलं, चला, सून आली एकदाची, नीट बघितलं तर तूच! दाढीत तर चिमनीचं घरटं बसंल. किती वाळलास सत्या. गिटार पोटाशी धरली व्हतीस, तर गिटारच तुझ्यापेक्षा भरलेली दिसत व्हती.

पुनमला मी इचारलं, ते ब्लूज ब्लूज म्हंजे नेमकं काय गं? ती म्हनली, तिकडं अमेरिकेत कापसाच्या रानात राबनाऱ्या काळ्या मानसांचं गानं हाय ते, सोसलेलं सगळं त्यात सांगतात. मी म्हनलं, मग ते शिकायला लातूरला कशाला जायला लागलं, कापूस तर आपल्याबी रानात व्हता. हसली ती. पन तुला तर लातूरला डॉक्टर व्हायला पाठवलं व्हतं. आप्पानं सोता क्लासमधी नाव घातलं, खोली बघितली, डब्याची सोय लावली. अन् जाताना भजनाची पेटी तुझ्या मांडीवर ठेवली, म्हनले, भाता फाटलाय, चंद्रप्पाकडनं दुरुस्त करून आन. त्या चंद्रप्पाच्या दुकानात भिंतीला गिटार टांगलेली व्हती. पेटी आठ दिसात दुरुस्त झाली, तू दोन वरीस दुकानातच. तिकडं क्लासवाले फोन करून राहिले, पोरगं येत न्हाई. म्हंजे गिटार तुझ्या हातात दिली कोनी? आप्पानंच! हे मी त्यांना एकदा तोंडावर म्हनले. त्या दिशी त्यांनी भाकरीबी अर्धीच खाल्ली.

त्यांचा राग तुला जसा वाटला तसा न्हवता, सत्या. डॉक्टर झाला न्हाईस ह्याचं त्यांनी चार म्हैन्यात गिळलं. सलत व्हतं ते येगळंच. आपल्यात मानूस गेला की त्याला निजवत न्हाईत. अंघोळ घालून, इभूत लावून भिंतीला टेकवून बसवतात, अन् म्होरं भजन धरतात, मातीला नेईपर्यंत. पंचक्रोशीत कुठंबी कोन गेलं की पहिला निरोप आपल्या घरी. आप्पा हातातला घास टाकून जायचे. तू सात-आठ वर्साचा असशील, त्यांच्या मागं टाळ घेऊन बसायचास अन् मानूस रडतंय कुठं, थांबतंय कुठं, हे बघून आवाज वर-खाली करायचास. कोनी शिकवलं न्हवतं तुला ते. आप्पा घरी येऊन मला म्हनायचे, "पोरगं माझ्या म्होरं जाईल." तुझ्या म्होरं कधी म्हनले न्हाईत, तेवढा ताठा व्हता. म्हनून तर तू उदगीरच्या त्या कॉलेजात पहिल्यांदा गायलास अन् मोबाईलवर तुझं गानं गावभर फिरलं, तवा ते बोलले, "मेलेल्या मानसापाशी बसून गानं ही सेवा हाय. जित्या मानसांपुढं रडगानं गायला ह्याला मी टाळ दिला न्हवता." तूबी काय कमी न्हाईस. म्हनलास, जित्यांचं बी कोनीतरी ऐकायला पायजे. अन् बॅग उचलून गेलास. मग दोन वरीस तुमची बोलाचाली न्हाई, मधी मी डाकिया. तुझा फोन आला की मी मुद्दाम मोठ्यानं बोलायची, हाव का, बिदरला गायलास का, हैदराबादला बोलावलंय का! अन् हे टीव्हीचा आवाज वाढवायचे. मग मी आनखी मोठ्यानं. शेजारच्या वीरभद्रच्या म्हशी दावं तोडायच्या, एवढा आमचा दोघांचा गलका.

त्या दिसाचं तुला ठावच हाय. हैदराबादला तुमची ती स्पर्धा, तू चारला स्टेजवर गेलास, फोन बॅगेत. उतरून बघतोस तर आप्पाचा मिस कॉल, चार वाजून सतरा मिनिटं. दोन वर्सात पहिला. धीर करून सहाला तू उलटा फोन लावलास. तवर इकडं अंघोळ घालून, नवा सदरा घालून आप्पाला वसरीत बसवलं व्हतं. अन् बाई मी, तीस वरीस रोज सकाळी त्यांचा खिसा भरून द्यायची, चष्मा, पानाची चंची, फोन. त्या दिशीबी हातानं आपसूक भरून दिला. सगळ्या बायका म्होरं बसलेल्या, अन् आप्पाच्या छातीवर फोन वाजाय लागला! ती वीरभद्रची बायको अशी पळाली की चप्पल दुसऱ्या दिशी उकिरड्यापाशी घावली. सत्या, मला हसू आलं रे. मयताच्या घरात मी पदर तोंडात कोंबून हसले, अन् बायांनी माझ्या पाठीवरनं हात फिरवला, रड बाई रड म्हनून. फोन तसाच वाजून वाजून गप झाला. खिशात हात घालायचं धाडस कोनाला झालं न्हाई. मग भजनातल्या नरसिंगनं तुला त्याच्या फोनवरनं कळवलं.

सकाळच्या गाडीनं तू आलास. रानाकडनं आलास, बांधावर सगळा चिखल, तुझा एक बूट तिथंच फसला, एक बूट घालून वसरीत उभा राहिलास. भजनवाले रातभर गाऊन बसले व्हते, त्यांनी टाळ तुझ्या हातात दिले, म्हनले, आता तू उचल. तू टाळ तसेच खाली ठेवलेस. एवढ्या मानसात मला इचारलंस, "अव्वा, आप्पाचा फोन आला व्हता. काय बोलायचं व्हतं त्यांना?" अन् मी म्हनलं, राग गेला व्हता त्यांचा, तुझ्याशी बोलावं म्हनत व्हते. तू जो रडलास! म्हातारी मानसंबी उठून भाईर गेली.

त्यातनं ते गानं आलं. चार सतरा. माझ्या बापानं हाक दिली, म्या उचलली न्हाई. नांदेडला ते तू शेवटी म्हनलंस, तर पोरं-पोरी फोनचे दिवे लावून उभे राहिले, अन् पाठ म्हनत व्हते तुझ्यासंगं. माझ्या शेजारी एक मास्तरीनबाई बसली व्हती, चांगली इस्तरीची साडी. डोळे पुसून मला म्हनली, "मावशी, बघा की, बापाचा शेवटचा फोन अन् उचलला न्हाई पोरानं. जलमभर पुरंल हो हे." मी म्हनलं, हाव. एवढंच. माझं तोंड कधी बंद नसतंय, तुला ठाव हाय, पन त्या दिशी हाव म्हनून बसले. तू डोळे मिटून "उचलली न्हाई, उचलली न्हाई" म्हनत व्हतास, दहा डाव, पंधरा डाव, अन् दर डावाला तुझी मान अशी मोडायची, जशी वसरीत मोडली व्हती. लोकं टाळ्या वाजवत व्हते. मला वाटलं, उठून जावं अन् स्टेजवरनं कान धरून घरी न्यावं.

पुनमनं मग सांगितलं मला सगळं. तू फोन स्टेजवर स्टुलावर ठेवतोस, उजेड चालू ठेवून. न्हानीतबी घेऊन जातोस. कोनाचाबी फोन असू दे, पहिल्या घंटीला उचलतोस, एकदा गाताना मधीच उचललास अन् तो कर्ज पायजे का इचारनाऱ्या पोरीचा निघाला. मी पहिल्यांदा हसले. म्हनलं, बरंय, आता आईचाबी लवकर उचलतोय. मग हसू गेलं. दीड वरीस झालं, तू घराचा उंबरा चढला न्हाईस. वेशीपर्यंत येतोस, मला गाडीत बसवून उदगीरला नेतोस, जेवू घालतोस, अन् वेशीवरच सोडतोस. वसरी बघवत न्हाई म्हनतोस. अन् मी दर डावाला मनाशी म्हनते, आज सांगते. मग तू सांगतोस, अव्वा, पुन्याला बोलावलंय, अव्वा, गोव्याला बोलावलंय, ते गानं लोकं मागून घेतात. मग वाटतं, चाललंय पोराचं, कशाला मोडा. पन आता तू त्यात आप्पाचं बोलनं घालनार. ते मी कुठनं आनू? एक खोटं बोलले ते मानसं गातायत, आता दुसरं बोलू अन् तेबी गातील?

तर ऐक, अन् हे वाचून लगेच फोन करू नको, थोडा थांब. तो फोन आप्पानं केलाच न्हवता. आप्पा चारला गेले. लोकांना साडेचार सांगितलं ते मीच. चार सतराला त्यांच्या फोनवरनं तुला फोन लावला तो मी, माझा चार्जिंगला व्हता म्हनून, अन् तू उचलला न्हाईस तवा मला बरंच वाटलं, गाऊ दे त्याला तेवढं म्हनलं, अन् परत लावला न्हाई. तू उचलला असतास तर आप्पा न्हाई, मीच बोलले असते. राग त्यांचा गेला न्हवता. गेला असता, मला वाटतं, पन गेला न्हवता. त्यांनी तुझं नाव घेतलं न्हाई. माझंबी न्हाई. बाजेवर आडवे झाले, छातीला हात लावला, अन् इचारलं, "मोटार बंद केलीस का?" मी हाव म्हनले. केली न्हवती. रातभर पानी चालू व्हतं, त्या चिखलात तुझा बूट गेला. तुझ्या शेवटच्या कडव्याला माझ्यापाशी एवढंच हाय. मी खोटं बोलले, सत्या. त्यांच्याशीबी, तुझ्याशीबी.

तुझीच,
अव्वा