फाटकाजवळचं बाकडं

चिरंजीव मार्यान,

एकच विचारायचंय. कीव शहरातून निघालेली तुमची सायकल शर्यत परवा आपल्या गावातून गेली. ज्याचं गाव येतं त्याला बाकीचे पुढे सोडतात, घरच्यांना भेटू देतात, असं शेजारचा हावरीलो सांगत होता. तू आईला मिठी मारलीस, तिनं दिलेला चेरीचा पाव खिशात कोंबलास. इथवर समजलं. पण मग सायकल कुंपणाला टेकवून बाकड्यावर कशाला बसलास?

हावरीलो ओरडला, "ऊठ की लेका, सगळे गेले पुढे!" तरी तू आपला गप्प.

लांबच्या प्रवासाआधी घरच्यांनी मिळून घटकाभर गप्प बसायचं, ही आपली रीत. नऊ वर्षांपूर्वी मी म्हणालो, "सायकल दामटून कुणाचं पोट भरलंय?" तेव्हा तू न बसताच निघून गेलास. ते राहिलेलं बसणं पुरं केलंस का? की नुसते पाय दुखत होते?

बाबा मधाच्या पेट्यांकडे गेलेत, असं आईनं सांगितलं असेल. मी खिडकीच्या पडद्याआड होतो. हे कबूल करायला नको, म्हणून हे पत्रही टाकणार नाही.

पण एवढं रिकामं बाकडं सोडून तू अगदी कडेला का बसलास? तू गेल्यावर मी त्या उरलेल्या जागेत बसून पाहिलं. बरोबर माझ्यापुरती आहे.

तुझा हट्टी बाप