हावोद लास कोणी विकले

मी, हेलेध प्रॉसर, वय ४६, राहणार स्टेशनमागची आळी, नांतगोख, वेल्स, हे मृत्युपत्र शुद्धीत आणि कोणाच्याही दबावाविना लिहीत आहे. येत्या मंगळवारी माझी शस्त्रक्रिया आहे. डॉक्टरांच्या मते धोका कमी आहे. याआधीचे मृत्युपत्र रद्द समजावे. त्यात खोटे काही नव्हते. खरे तेवढे राहून गेले होते.

एक. याची अंमलबजावणी माझा धाकटा भाऊ इदवाल प्रॉसर, राहणार ब्रिस्टल, याने करावी. तो नाही म्हणाला तर त्याला दोष देऊ नये.

दोन. स्वतंत्र वेल्ससाठी आम्ही काढतो त्या मोर्च्यांचे सामान माझ्या माळ्यावर आहे: स्वयंसेवकांची छत्तीस पिवळी जाकिटे, दोरखंड, दोन मोठे झेंडे. सगळे समितीला द्यावे. जाकिटे धुतलेली आहेत. हातातला भोंगा मात्र चिटणीस ट्रेफोर पेन्री यांच्याकडेच राहावा. समितीतल्या ह्यूला देऊ नये. कार्नार्वनच्या मोर्च्यात त्याने तो घेतला आणि बँडवाल्यांना पाऊण तास पावसात उभे केले, हे मी विसरलेले नाही.

तीन. आईचे घर, हावोद लास. ते आता आमचे राहिलेले नाही, म्हणून त्याचे वाटप नाही. पण त्याची हकिगत याच कागदात हवी.

आईच्या पश्चात ते आम्हा दोघांचे झाले. ट्रेफोरची मुलगी मेन्ना गावच्या शाळेत शिकवते. तिला ते हवे होते. तिला जमेल तेवढी किंमत तिने सांगितली. लंडनच्या एका जोडप्याने सुट्टीत येऊन राहण्यासाठी जास्त सांगितली. मी त्यांना दिले. ‘गरज होती’ असे आधी लिहिले होते, ते खोडले. गरज नव्हती. जास्त देणाऱ्याला नाही म्हणता आले नाही.

इदवाल फोनवर म्हणाला होता, “ताई, मेन्नाला देऊन टाक. पैसे कमी आले तरी मला चालतील.” मी त्याला सांगितले, मेन्नाचे कर्ज मंजूर झाले नाही. ते झाले होते.

विक्रीनंतर तीन आठवड्यांनी कार्नार्वनच्या मोर्च्यात मी ट्रकवर उभी राहून बोलले, की आपली गावे हिवाळ्यात अंधारी होतात, कारण घरे परक्यांची झाली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. खाली उतरल्यावर ट्रेफोर जवळ आला. “तुझं घर गेलं, तरी तू बोललीस. कसं काय गेलं गं?”

मी म्हणाले, “इदवालला घाई होती.”

“ब्रिस्टलला राहून माणसाचं असंच होतं,” तो म्हणाला, आणि माझा हात हातात घेतला. मी तो काढून घेतला नाही.

पुढच्या वर्षी इदवाल आईच्या स्मरणार्थ प्रार्थनेला चॅपेलात आला. त्याच्या बाकावर कोणी बसले नाही. नंतर चहाच्या वेळी मी किटली घेऊन फिरत होते; लोक बघत होते, म्हणून त्याच्या कपात सगळ्यांत शेवटी ओतला. बाहेर तो म्हणाला, “मला घाई होती म्हणे.” मी कोटाची बटणे लावू लागले. “असू दे,” तो म्हणाला. “तुला इथं राहायचंय, मला नाही.”

या गोष्टीला सहा वर्षे झाली. या काळात मी अकरा मोर्च्यांत स्वयंसेवकांची प्रमुख होते.

चार. माझे राहते घर मेन्ना पेन्री हिला द्यावे. ‘तिने ते गावातल्यालाच विकावे’ अशी अट घातली होती, ती काढली. अट घालणारी मी कोण?

पाच. आईचे बश्यांचे कपाट इदवालला. त्यातली फुटकी बशी त्याने फोडली नव्हती. तीही मीच.

सहा. साक्षीदाराने मृत्युपत्र वाचलेच पाहिजे असा कायदा नाही. तरी आज सकाळी मी हे ट्रेफोरला वाचायला दिले. त्याने चष्मा पुसून दोनदा वाचले.

“मी त्या पोराला गद्दार म्हटलं. चॅपेलच्या दारात, तोंडावर. तू तिथंच होतीस.”

“हो.”

“आणि आम्हाला हे कळणार कधी? तुला पुरून आल्यावर? सँडविच खाता खाता?”

मी कागद परत घ्यायला हात पुढे केला.

“माझी माफी मागू नकोस. सोमवारी समितीची बैठक आहे, तिथं वाच. इदवालला बोलाव.”

“मंगळवारी ऑपरेशन आहे, ट्रेफोर.”

“म्हणून तर सोमवारी.”

मग तो म्हणाला, “पेन दे, सही करतो.” मी म्हणाले, आधी हे कलम पुरे करू दे.

तेव्हा कलम तीन मी सोमवारी बैठकीत स्वतः वाचेन. इदवालला आताच फोन केला. तो येतो म्हणाला नाही, नाहीही म्हणाला नाही. मी वाचायचे टाळले, तर माझ्या पश्चात ट्रेफोरने ते कलम वाचावे आणि मी टाळले, हेही सांगावे.

दोन्ही साक्षीदारांसमक्ष सही केली.

हेलेध प्रॉसर

साक्षीदार:
ट्रेफोर पेन्री, निवृत्त बसचालक, नांतगोख
बेथान रोदरिक, ग्रंथपाल, नांतगोख

नांतगोख, शनिवार, ८ नोव्हेंबर २०२५