बेटावरून चालत गेलेला माणूस

बाबा, ती बेटावरच्या गुप्तहेराची रेडिओमालिका मी परवा पुन्हा ऐकली. नातीने फोनवर शोधून दिली, पहिलं पर्व अख्खं. निवडायला घेतलेली मेथी तशीच राहिली आणि मी ऐकत बसले. खरं सांगायचं तर विशेष काही वाटत नव्हतं. तुम्ही गेलात तेव्हाही असंच झालं होतं; घर रडत होतं आणि मी कपबश्या विसळत होते.

आपल्या धाड गावात ग्रामपंचायतीसमोर संध्याकाळी रेडिओ लागायचा. भाजीची पाटी रिकामी करून तुम्ही मला घेऊन ओट्यावर बसायचात. नारळाच्या बेटावरचा तो गुप्तहेर पाण्याला घाबरायचा, मासे बघून तोंड फिरवायचा, आणि तुम्ही म्हणायचात, "याले आपले वांगे पाठवाले पायजे." सगळे हसायचे. शेवटचा खून झाला तो बेटासमोरच्या खडकावरच्या बंगल्यात. किनाऱ्यावरून एकही होडी हलली नव्हती, मग खुनी गेला कसा? आठवडाभर गावाला हाच घोर. तुम्ही समुद्र कधी पाहिलेला नव्हता. आपल्या नदीकडे हात करून म्हणालात, "होडी काऊन पायजे बे? पानी उतरलं असन. चालत गेला तो."

सरपंच पोट धरून हसले. "समुद्र काय आपली नदी हाये का उतराले?" पुढच्या आठवड्यात शेवटचा भाग, आणि नेमकी रेडिओची बॅटरी बसली. उत्तर कुणालाच कळलं नाही. तुमची थट्टा तेवढी राहिली. बाजारात वांगी घेता घेता माणसं विचारायची, "काय हो, समुद्र आटला का?" तुम्ही मान खाली घालून तोलत राहायचात. पुढे रेडिओ लागला तरी ओट्याकडे फिरकला नाहीत. मला ते फार लागायचं.

परवा तो शेवटचा भाग ऐकला. ओहोटीला तिथली वाट उघडी पडते, बाबा. खुनी चालत गेला, चपला हातात घेऊन.

मी फोन खाली ठेवला. ओट्यावरचं आता कुणी उरलेलं नाही, सांगणार कुणाला? नात म्हणाली, "आजी, दुसरं पर्व लावू का?" मी नको म्हटलं. मेथी निवडून संपवली. रडू आलं नाही. हे पत्रही कुठे टाकायचं नाही, कळतं मला. पण एक सांगते. ती आत गेल्यावर मी रिकाम्या खुर्चीकडे बघून मोठ्यानं म्हणाले, "हाव बाबा, चालतच गेला तो."