सलामीचा कापरा हात

मुरार छावणी, ग्वाल्हेर, १९५०

तीर्थरूप आबासाहेबांच्या चरणी मानसिंगचा दंडवत.

माझी प्रकृती ठीक आहे. आईचे गुडघे कसे आहेत?

आपली संस्थानी पलटण भारतीय सेनेत घ्यायची म्हणून काल आमची पाहणी झाली. दमा कळू नये म्हणून मी डॉक्टरांची गोळी घेतली होती. तिने छातीतल्या आवळलेल्या नळ्या सैल होतात, श्वास मोकळा होतो; पण हात थरथरतात. नेमका सलामी देताना उजवा हात कापला.

"पीते हो क्या?" साहेबांनी विचारलं.

"जी," म्हणालो. शिलेदाराच्या घरात दमेकरी निपजला, हे सांगायला जीभ रेटेना.

आबासाहेब, दारूला मी आजवर शिवलो नाही.

नाव गाळलं, घरी येतोय. कुणी विचारलं तर दारुडा म्हणा किंवा दमेकरी. ज्याची तुम्हाला कमी लाज वाटेल ते.

आपला,
मानसिंग